वाचक विचारतात : पणसायमळ, रिवणची गुहा आणि वीरगळ

पाऊस सरला की दक्षिण गोव्यातल्या सांगे-केपे भागातल्या कातळशिल्पांबद्दल, गुहांबद्दल आणि जुन्या दफनांबद्दल वाचकांची पत्रं वाढतात. त्यातली निवडक पत्रं थोडक्यात आणि त्यांची उत्तरं सविस्तर देत आहोत.

आमच्या महिला मंडळातल्या ३५ जणी डिसेंबरात पणसायमळची कातळशिल्पं, रिवणची पांडवांची गुहा आणि काजूरचा दुधाफातर एका दिवसात पाहणार आहोत. माहीतगार मार्गदर्शक मिळाला आहे. मोठी बस मडगावहून सकाळी ९ वाजता सोडायची आहे. वेळ पुरेल ना? – एक वाचक, मडगाव

वेळ पुरेल, पण पणसायमळला जे पाहायला जाताय तेच दिसणार नाही. ९ ला निघून वाटेत चहा झाला, की कातळावर पाय ठेवेपर्यंत ११ वाजतात. ही शिल्पं कुशावती नदीच्या काठच्या सपाट जांभ्या दगडावर कोरलेली आहेत. रेषा उथळ आहेत आणि त्यांचा रंग भोवतालच्या दगडासारखाच आहे. रेषेच्या एका काठाची सावली तिच्याच तळात पडली तरच ती डोळ्यांना जाणवते. ऊन वर चढलं की ती सावली नाहीशी होते आणि समोर नुसता लालसर खडक उरतो. ‘एवढ्या लांब आलो आणि काहीच नव्हतं’ असं म्हणत परतणारे बहुतेक लोक दुपारी पोचलेले असतात.

म्हणून सगळा दिवस उन्हाच्या हिशेबाने आखा. डिसेंबरात सूर्य सातच्या आसपास उगवतो. मडगाव साडेसहाला सोडा. केपे, तिळामळ, झांबावली, रिवण करत आधी थेट पणसायमळ गाठा. रिवणची गुहा वाटेत लागते, तरी तेव्हा थांबू नका. गुहेत बाराही महिने अंधारच असतो, तिला सकाळच्या उन्हाची गरज नाही. आठ ते साडेनऊ हा दीड तास कातळाचा. सकाळ जमतच नसेल तर सगळा क्रम उलटा करून दुपारी साडेचार ते सूर्यास्त ही वेळ धरा. तेव्हाही ऊन तितकंच तिरकं असतं, मात्र परतीला अंधार होतो.

मोठ्या बसऐवजी दोन लहान गाड्या करा. आतल्या रस्त्यावर मोठी बस वळवताना अर्धा तास जातो. पण त्याहून मोठं कारण गुहेचं आहे. रिवणच्या गुहेचं तोंड लहान आहे, आत उतरणाऱ्या पायऱ्या उभ्या आहेत आणि खाली पाणी आहे. एका वेळी पाच-सहा जणींपेक्षा जास्त आत सोडू नयेत. प्रत्येक तुकडीला दहा-बारा मिनिटं धरली तरी ३५ जणींना तासाहून जास्त वेळ लागतो, आणि तेवढा वेळ बाकीच्या जणी बाहेर ताटकळतात. दोन गाड्या असल्या की एक गाडी गुहेपाशी थांबते, दुसरी जवळच झांबावलीला दामोदराचं दर्शन घेऊन येते, मग अदलाबदल करायची. मार्गदर्शक एकच असेल तर त्याने गुहेपाशीच थांबावं. धोका तिथे आहे.

कातळावरही सगळ्यांनी एकदम पांगू नये. सुमारे ५०० चौरस मीटरच्या पट्ट्यात शंभराहून अधिक आकृत्या आहेत, आणि पहिल्या दहा मिनिटांत त्यांतल्या निम्म्यांवर आपलाच पाय पडलेला असतो. निम्म्या जणींनी कडेला बसून मार्गदर्शकाचं ऐकावं, निम्म्यांनी त्याच्या मागून एका ओळीत चालावं. चपला-बूट कडेला काढून ठेवा. तळव्यात अडकलेली खडी कातळावर घासली जाते आणि रेषेचा काठ झिजवते. पहाटे थंड वाटणारा जांभा साडेनऊनंतर तापू लागतो, म्हणून जाड मोजे सोबत ठेवा.

सुरुवात गोल चक्रव्यूहापासून करा. तो सर्वांत ठळक आहे. एकात एक वळणारी ती वाट बोटाने हवेत गिरवत केंद्रापर्यंत नेली की डोळा सरावतो, आणि शेजारचे बैल, हरणं, मोर, माणसांच्या आकृत्या आपोआप दिसू लागतात. बैलाच्या शिंगांकडे लक्ष द्या. शरीर दोन-चार रेषांत आटोपलेलं असतं, पण शिंगांची वळणं फार मन लावून काढलेली आहेत. गावातल्यांना ही चित्रं पूर्वापार माहीत होती, गुराख्यांनी कोरली असं ते सांगत. पुरातत्त्वाच्या अभ्यासकांपर्यंत ती १९९३ साली पोचली. काळाविषयी अभ्यासकांत एकमत नाही. काहीजण शिकारीवर जगणाऱ्या माणसांचं मध्याश्मयुग म्हणतात, तर पाळीव वाटणारी गुरं पाहून काहीजण शेती-पशुपालनाच्या नवाश्मयुगाकडे झुकतात. मार्गदर्शक एकच आकडा ठासून सांगू लागला तर तो कशाच्या आधारावर, हे जरूर विचारा.

काजूर या दिवसात कोंबू नका, असं आमचं स्पष्ट मत आहे. दुधाफातर हा चित्रं कोरलेला मोठा धोंडा गावकऱ्यांच्या श्रद्धेचा आहे. तिथे आधी विचारून, गावातला माणूस सोबत घेऊन, पायातलं काढून जायचं असतं. ३५ जणींनी थकून-भागून दुपारी चारला तिथे उतरणं त्या जागेला आणि गावालाही बरं नव्हे. आठ-दहा जणींचा वेगळा दिवस करा. त्याऐवजी वेळ उरलाच तर पुढे नेत्रावळीला गोपीनाथाच्या देवळाची बुडबुड्यांची तळी पाहा.

राहिल्या सोयी. पणसायमळला आणि गुहेपाशी स्वच्छतागृह मिळेल असं धरून चालू नका. सकाळी केपे बाजारात आणि नंतर झांबावलीला थांबा ठेवा आणि हे आदल्या दिवशीच सगळ्यांना सांगा, म्हणजे पाणी न पिता बसण्याची वेळ कुणावर येत नाही. माणशी दोन लिटर पाणी घ्या. न्याहारी डब्यात असू द्या, कारण उजाडताना वाटेत भाजीपाव मिळेलच याची खात्री नाही. जेवण मात्र आधी कळवून ठरवा. ३५ ताटं आयत्या वेळी कुठल्याही लहान खानावळीला जड जातात.

पणसायमळला फोटो काढले, पण त्यांत काहीच उमटत नाही. एका गटाने खडूने रेषा भरून फोटो काढलेले पाहिले, ते फार सुरेख होते. खडू पावसात धुऊनच जातो ना? – एक वाचक, फोंडा

नाही जात. जांभा सच्छिद्र असतो. खडूची पूड त्या छिद्रांत बसते, पावसाने वरची धुतली तरी आतली राहते. मग पुढचा कोणी ती काढायला ब्रश घासतो, आणि त्या घासण्याने दगडाचा कठीण झालेला वरचा थर जातो. तो थर गेला की खालचा भाग भुसभुशीत निघतो.

दुसरं नुकसान याहून मोठं आहे. खडू फिरवणारा माणूस त्याला जी रेषा वाटली ती भरतो. नैसर्गिक भेग त्याला बैलाचा पाय वाटली तर बैलाला पाचवा पाय फुटतो. पुढे येणारा प्रत्येक जण तो पाच पायांचा बैलच पाहतो आणि तसाच फोटो सगळीकडे फिरतो. मूळ काय होतं हे शोधणाऱ्याला आधी तो खडू डोक्यातून पुसावा लागतो.

तुमचे फोटो कोरे आले ते उजेडामुळे. भर दुपारीसुद्धा चांगला फोटो निघू शकतो, फक्त दोन माणसं, एक मोठी छत्री आणि हातभर लांबीचा आरसा लागतो. एकाने छत्री अशी धरायची की सगळी आकृती सावलीत येईल. दुसऱ्याने दीड-दोन मीटर दूर उन्हात बसून आरसा जमिनीलगत धरायचा आणि त्याचा झोत आकृतीवर जवळजवळ आडवा सरपटत जाईल असा फिरवायचा. जमिनीशी १० ते १५ अंशांचा कोन पुरे. झोत उंच झाला की रेषा पुन्हा मावळते. आरसा एकदा डावीकडून आणि एकदा वरच्या बाजूने धरून दोन फोटो घ्या, कारण झोताच्या दिशेनेच जाणाऱ्या रेषांची सावली पडत नाही. एका फोटोत हरवलेली रेषा दुसऱ्यात सापडते. कॅमेरा किंवा मोबाइल आकृतीच्या बरोबर वर आणि जमिनीला समांतर धरा. तिरका धरला तर गोल चक्रव्यूह लंबगोल दिसतो. संध्याकाळी आरशाऐवजी विजेरी चालते.

मापासाठी १० सेंटिमीटरची कागदी पट्टी आकृतीच्या शेजारी ठेवा, आकृतीवर नको. पावसाळ्यानंतर नदीचा गाळ कातळावर साचलेला असतो. तो फावड्याने किंवा नारळाच्या करवंटीने खरवडू नका. सुकलेला गाळ मऊ केरसुणीने हलका झाडला जातो, पण तेही तिथल्या देखरेखीच्या माणसाला करू द्या. ड्रोन उडवायचा असेल तर पुरातत्त्व खात्याची परवानगी आधी हवी. हे संरक्षित स्थळ आहे.

गोव्यातल्या जांभ्यातल्या गुहा मुळात थडगी होती असं एका सहलीत सांगितलं गेलं. खरं आहे का? – एक वाचक, म्हापसा

हा समज कुठून येतो ते सांगतो, म्हणजे त्यातलं खरं आणि चुकीचं वेगळं होईल.

जांभा ओला असताना, म्हणजे जमिनीतून नुकता उघडा झालेला असताना, मऊ असतो. चिरे काढणाऱ्या कोणालाही हे माहीत आहे. हवा लागली की त्यातल्या लोहामुळे तो कठीण होतो. त्यामुळे पश्चिम किनाऱ्यावर जिथे जांभा आहे तिथे तो कोरून खोल्या करणं सोपं होतं. केरळात, विशेषतः त्रिशूर जिल्ह्यात, अशा कोरलेल्या खोल्या खरोखरच दफनासाठी आहेत. पोर्कळम, कक्काड, कंडाणशेरी, इय्याल ही त्यातली नावाजलेली ठिकाणं. ती लोहयुगातल्या महापाषाणीय, म्हणजे मोठमोठे दगड वापरून दफनं आणि स्मारकं उभारणाऱ्या, लोकांची आहेत. जांभा तोच, कोरण्याची पद्धतही जवळची, म्हणून ‘तिथे थडगी, तर इथेही थडगी’ असा उडी मारून निष्कर्ष काढला जातो.

आता फरक पाहा. केरळच्या दफनखोलीला आधी जमिनीत खोदलेलं चौकोनी अंगण असतं, त्यात पायऱ्या उतरतात. तिथून आत जायचं दार इतकं लहान असतं की माणूस रांगतच शिरतो. आत भिंतीलगत ओटे, काही ठिकाणी मधोमध खांब, तर काहींत छताला गोल भोक. आत मडकी, लोखंडी वस्तू, मणी सापडतात. जिवंत माणसाने तिथे राहावं अशी कसलीही सोय नसते.

खांडेपारच्या गुहांत याच्या उलट आहे. चार गुहा, त्यांतल्या तिघींना दोन-दोन खोल्या, सामान आणि दिवे ठेवायला भिंतीत कोनाडे, एकीच्या छतावर कमळ. चौथी सुटी आहे आणि तिचा उपयोग उपासनेसाठी झाल्याचं दिसतं. ही राहणाऱ्या माणसांची जागा आहे. साखळीजवळच्या हरवळ्याच्या गुहांत शिवलिंगं आहेत, एका लिंगावर ब्राह्मी लिपीतला छोटा लेखही आहे. ते पूजास्थान. रिवणच्या गुहेत पायऱ्या पाण्यापाशी उतरतात, तोंडाशी हनुमानाचं शिल्प आहे, ते मागाहून कोरलेलं. पाणी ही राहत्या जागेची गरज आहे. गोव्यातल्या या गुहांचा संबंध अभ्यासक बौद्ध भिक्षूंशी आणि नंतर शैवांशी जोडतात. पांडव एका रात्रीत कोरून गेले ही लोककथाही मार्गदर्शकाकडून जरूर ऐका, फक्त त्याने कथा आणि पुरावा वेगवेगळे सांगावेत एवढा आग्रह धरा.

तेव्हा कुठल्याही गुहेत शिरताना दाराची उंची, कोनाडे, पाणी आणि छत या चार गोष्टी पाहा. उभ्याने शिरता आलं, कोनाडे दिसले, पाण्याची सोय दिसली, की तिथे माणसं राहत होती किंवा पूजा करत होती.

मग वीरगळ तरी थडगंच ना? आमच्या गावच्या देवळामागे तीन आहेत. खाली अस्थी असतील का? – एक वाचक, डिचोली

नाहीत, आणि म्हणूनच खाली खणून पाहण्याचा मोह टाळा. वीरगळ हा स्मारक-दगड आहे. लढाईत, गुरं सोडवताना किंवा गावाचं रक्षण करताना मेलेल्या माणसाची ती आठवण. अंत्यसंस्कार दुसरीकडे होत, दगड गावाच्या वेशीवर किंवा देवळापाशी उभा राही. त्यातून पुढे शेतं झाली, रस्ते आले, देवळं वाढली आणि बरेच वीरगळ उचलून वडाखाली किंवा देवळामागे ठेवले गेले. तुमच्याकडे तीन एका ओळीत असतील तर ते तसेच आणून लावलेले असण्याची शक्यता मोठी.

वीरगळ खालून वर वाचायचा. सर्वांत खालच्या चौकटीत वीर कसा पडला ते असतं. घोडेस्वार, ढाल-तलवार, धनुष्य, कधी गुरांचा कळप, आणि तळाशी आडवा पडलेला वीर. त्यावरच्या चौकटीत अप्सरा त्याला दोन्ही बाजूंनी धरून वर नेतात. त्याच्यावर तो शिवलिंगापुढे हात जोडून बसलेला, शेजारी पुजारी. माथ्यावर कलश आणि बाजूंना चंद्र-सूर्य. चंद्र-सूर्य आहेत तोवर ही कीर्ती राहील, असा त्याचा अर्थ. सतीशिळेवर कोपरात वाकलेला, बांगड्या भरलेला हात वर आलेला असतो. काही दगडांवर वीर आणि सती एकत्र असतात.

यात एक अडचण नेहमी येते. दगड उभा राहावा म्हणून त्याचा तळ जमिनीत पुरतात, आणि शतकानुशतकं माती साचून खालची चौकटही आत जाते. म्हणजे माणूस कसा मेला हे सांगणारा, सर्वांत महत्त्वाचा भाग जमिनीखाली असतो, आणि आपल्याला दिसतात फक्त अप्सरा आणि शिवलिंग. त्यावर तेल-शेंदराचे थर चढले की उरलेलं कोरीव कामही बुजतं. तरीही कुदळ घालू नका. मुळाशी माती मोकळी झाली की एका पावसाळ्यात दगड कलतो, आणि पडला की बहुधा चौकटींच्या मधल्या पट्टीवरच दुभंगतो, कारण तिथे तो कोरून पातळ झालेला असतो. दगड आहे तसा चारही बाजूंनी फोटोत टिपा, जमिनीपासूनची उंची, रुंदी आणि जाडी मोजा, देवस्थानाच्या महाजनांना सांगा आणि पुरातत्त्व खात्याला लेखी कळवा.

पूर्ण, न पुरलेले वीरगळ पाहायचे असतील तर जुन्या गोव्याच्या सेंट फ्रान्सिस ऑफ असिसीच्या मठात १९६४ पासून असलेलं भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचं संग्रहालय गाठा. शुक्रवारी ते बंद असतं. गोव्यावर राज्य केलेल्या कदंब घराण्याच्या काळातले वीरगळ आणि सतीशिळा तिथे एकत्र पाहता येतात, तळाच्या चौकटीसकट. समुद्रावर सत्ता गाजवलेल्या राज्याच्या वीरगळांवर नौका दिसणं स्वाभाविक आहे, तिथे पाहताना वल्हेकऱ्यांची रांग शोधा. गावचा वीरगळ वाचायला शिकण्यासाठी सहलीच्या आदल्या आठवड्यात तिथे तासभर घालवण्यासारखी दुसरी तयारी नाही.

माझी आई ७२ वर्षांची आहे, गुडघे दुखतात, आणि मला दमा आहे. तिला गुहा पाहायची फार इच्छा आहे. रिवणला नेऊ का? – एक वाचक, वास्को

आईंना रिवणच्या गुहेत उतरवू नका. पायऱ्या उभ्या, ओलसर, धरायला भक्कम कठडा नाही, आणि परत वर चढणं उतरण्याहून कठीण. त्यांना हरवळ्याला न्या. गुहा रस्त्यापासून जवळ आहेत, चढ जवळजवळ नाही, बाहेर उभं राहूनही आतली लिंगं दिसतात, आणि रुद्रेश्वराचं देऊळ व धबधबा शेजारीच. पावसाळ्यातल्या सुट्टीच्या दिवशी मात्र धबधब्याची गर्दी असते, आडवारी जा.

तुम्ही स्वतः रिवणला उतरणार असाल तर तुमचा दमा आटोक्यात असतानाच उतरा, फवारा खिशात असू द्या, बॅगेत नको. बंद गुहांत वटवाघळांची विष्ठा साचते. तिच्यात वाढणाऱ्या बुरशीचे कण पायाने उडतात आणि श्वासातून फुप्फुसांत जाऊ शकतात. कापडी रुमाल त्याला पुरत नाही, नाकातोंडाला घट्ट बसणारा एन-९५ मास्क हवा. पाय घासत चालू नका, उचलून टाका.

सगळ्यांसाठीच सांगतो : विजेरी हातात नको, डोक्याला बांधायची घ्या, म्हणजे दोन्ही हात भिंतीला टेकायला मोकळे राहतात. मोबाइलच्या दिव्यावर विसंबून उतरू नका. एकदा हातातून निसटला की तो थेट पाण्यात जातो आणि अंधारही त्याच क्षणी होतो. मेणबत्ती, समई, मशाल आत नेऊ नये. काजळी छताला बसते, आणि कोंदट जागेत धूर लवकर साठतो. वटवाघळं दिसली तर ओरडू नका आणि त्यांच्यावर उजेड रोखू नका, ती घाबरून तोंडासमोरून उडतात आणि माणूस दचकून पायरी चुकतो. आत डोकं जड वाटलं, मळमळलं, तर न लाजता लगेच वर या. एक माणूस कायम तोंडाशी बाहेर थांबलेला असावा.

जोरदार पावसाच्या दिवसांत गुहा टाळाच. पाणी मुरून जड झालेल्या जांभ्याचे तुकडे छतातून सुटतात.

खरीखुरी प्राचीन दफनस्थळं पाहायची आहेत. कर्नाटकातल्या हिरेबेणकलला गोव्याहून एका दिवसात जाऊन येता येईल का? – एक वाचक, सावंतवाडी

येणार नाही. कोप्पळ जिल्ह्यात गंगावतीकडे असलेलं हे ठिकाण पणजीहून तीनशे किलोमीटरांहून लांब आहे. रात्रभर प्रवास, दिवसभर डोंगर आणि पुन्हा रात्रभर प्रवास असं करणाऱ्यांचं लक्ष डोंगरावर घड्याळाकडेच असतं. कोप्पळला किंवा होसपेटला मुक्काम करा. वास्कोहून हुबळी-कोप्पळमार्गे जाणारी अमरावती एक्स्प्रेस सोयीची आहे, ती ठरावीक वारीच धावते, तेवढं पाहून दिवस ठरवा.

पहाटे डोंगर चढायला लागा. वर सावली नाही, पाणी नाही, म्हणून माणशी तीन लिटर पाणी आणि टोपी हवी. वाट खडकांतून फुटत जाते, गावातला वाटाड्या घेतल्याशिवाय चढू नका. वर गेल्यावर शेकडो शिलाप्रकोष्ठ एका वस्तीसारखे ओळीने उभे दिसतात. तीन बाजूंना उभे शिलापट, चौथ्या पटाला माणसाचं डोकं जाईल एवढं गोल भोक, आणि वर झाकणासारखा सपाट दगड. साधारण इ. स. पू. ८०० ते २०० हा त्यांचा काळ मानतात. इंग्रज अधिकारी फिलिप मेडोज टेलर यांनी १८३५ मध्ये याची नोंद केली, आणि २०२१ मध्ये ते युनेस्कोच्या जागतिक वारसास्थळांच्या संभाव्य यादीत आलं. प्रत्येक प्रकोष्ठात अस्थी होत्याच असं नाही, काही निव्वळ स्मारकं असावीत. मोठ्या धोंड्यावर बसवलेला दगडी नगाराही तिथे आहे. तो वाजवून पाहू नये, चढण्याच्या नादात घसरणारे आणि दगडाला टवके पाडणारे दोन्ही पुष्कळ.

नागपूरकडे कधी जाणं झालं तर जुनापाणीची शिलावर्तुळं पाहा. तिथे चढ नाही, आणि महापाषाणीय दफनाचा दुसरा प्रकार, म्हणजे गोल मांडलेले धोंडे आणि मध्ये मातीचा उंचवटा, सहज समजतो. जवळच्याच माहूरझरीला तांब्याचे अलंकार घातलेला घोडा पुरलेला सापडला होता.

कुळागरात (सुपारीच्या बागेत) आळं खणताना कोरीव दगड लागला. अर्धा वर आला आहे. काढून देवळीत बसवू का? – एक वाचक, सांगे

काढू नका. खणणं आहे तिथेच थांबवा. दगडाभोवतीची माती, तिच्यातले खापराचे तुकडे, कोळसा, विटा हे सगळं मिळून त्याचं वय सांगतं, आणि दगड ओढून काढला की ती माहिती कायमची जाते. पहारीने उचकटताना काठाचं कोरीव काम तुटतं ते वेगळंच.

उघडा पडलेला भाग तसाच ठेवून आधी फोटो घ्या. फोटोत एखादी ओळखीची खूण, माड किंवा गडगा, येऊ द्या. वरच्या मातीपासून दगडापर्यंतची खोली टेपने मोजून लिहा. वर आलेली खापरं फेकू नका, कापडी पिशवीत घालून चिठ्ठीवर तारीख आणि जागा लिहा. मग सुक्या सुपारीच्या झावळ्यांनी दगड झाका, प्लास्टिक नको, आत वाफ धरते आणि शेवाळ येतं. त्या आळ्याला पाटाचं पाणी सोडणं तूर्त बंद ठेवा.

पंचायतीला आणि पुरातत्त्व खात्याला लेखी कळवा, पोचपावती घ्या. शंभर वर्षांहून जुनी शिल्पं १९७२ च्या पुरावशेष कायद्याखाली येतात, आणि जमिनीत पुरलेली मौल्यवान वस्तू सापडली तर १८७८ च्या निखात निधी कायद्याप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांना सांगावंच लागतं. कळवलं म्हणून कोणी कुळागर काढून घेत नाही, ही भीती पुष्कळांना असते आणि तिच्यापायी दगड गुपचूप नदीत टाकले जातात. विकत घेतो म्हणून कोणी दारात आला तर त्याला दगड दाखवूही नका, खात्याचा माणूस येईपर्यंत झावळ्या हलवू नका.